घरासाठी कमी खर्चाचा विजेचा हीटर: कोणता घ्यावा आणि कोणाजवळ ठेवू नये

डिसेंबर उजाडला की घनसावंगीच्या आमच्या दवाखान्यात एक प्रश्न हमखास येतो. बहुतेक वेळा तो औषधाची चिठ्ठी घेऊन उठता उठता विचारला जातो. "डॉक्टर, मायला थंडी सोसंना. हीटर घ्यावा म्हणतो. लाईटबिल कमी येईल असा कोणता?"

या प्रश्नाला दोन उत्तरे आहेत, एक बिलाचे आणि एक मायचे. बिलाचे उत्तर सोपे आहे आणि ते पुढे हिशेबासह दिले आहे. मायचे उत्तर तिला मधुमेह आहे का, पूर्वी पॅरालिसिस होऊन गेला आहे का, ती रात्री झोपेची गोळी घेते का, यावर ठरते. कारण कमी पैशांत चांगली ऊब देणारा हीटर नेमका काही रुग्णांसाठी सर्वांत धोक्याचा असतो. दुकानात पहिले उत्तर मिळते, दुसरे सहसा मिळत नाही.

आधी खोलीचे तापमान बघा

आपली थंडी दोन-अडीच महिन्यांची. जालना जिल्ह्यात डिसेंबर-जानेवारीत पहाटेचे तापमान साधारण १० ते १२ अंशांच्या आसपास असते आणि थंडीची लाट आली की त्याखाली उतरते. शेजारच्या परभणीत कृषी विद्यापीठाच्या आवारात काही वर्षी पारा ५ अंशांच्याही खाली गेला आहे. गोदाकाठच्या गावांत, ऊस आणि पाणी दिलेल्या गव्हाच्या शेजारच्या वस्त्यांवर गारवा आणखी झोंबतो.

पण रुग्णाच्या दृष्टीने महत्त्वाचे असते ते खोलीतले तापमान. जागतिक आरोग्य संघटनेने २०१८ मध्ये घर आणि आरोग्याविषयी मार्गदर्शक सूचना प्रसिद्ध केल्या. थंडीच्या दिवसांत घरातले तापमान किमान १८ अंश असावे आणि वृद्ध, लहान मुले व आजारी माणसांसाठी त्याहून थोडे जास्त लागू शकते, असे त्यांत म्हटले आहे. एकाच गावात हे तापमान घराघराला बदलते. जुन्या माळवदाच्या घराला जाड मातीचे छत असते, ते दिवसाची ऊब रात्री उशिरापर्यंत धरून ठेवते. स्लॅबचे घर मध्यम. पत्र्याचे घर मात्र दिवस मावळताच गार पडते आणि पहाटे आतल्या बाजूने पत्र्याला घाम सुटतो.

म्हणून हीटरआधी दोन-तीनशे रुपयांचा भिंतीवर लावायचा थर्मामीटर घ्या. तो बाजेच्या उंचीवर, बाहेरच्या भिंतीपासून दूर टांगा आणि तीन दिवस दोन वेळा वाचा: रात्री झोपताना आणि पहाटे ५ वाजता. १८ च्या वर आकडा राहत असेल तर हीटरचे पैसे वाचवा. १५ ते १८ मध्ये असेल तर कानटोपी, पायमोजे, खाली जाड गादी, अंगावर दोन वाकळा आणि दारा-खिडक्यांच्या फटी बुजवणे यावर बहुतेकांचे भागते. १५ च्या खाली जात असेल आणि त्या खोलीत म्हातारे माणूस, दम्याचा किंवा हृदयाचा रुग्ण किंवा तान्हे बाळ असेल, तर हीटरचा विचार करावा. हा माझा ढोबळ ठोकताळा आहे. रुग्ण फार अशक्त असेल तर १८ खालीही हीटर लावायला माझी हरकत नसते.

फटी बुजवण्याकडे लोक दुर्लक्ष करतात. पत्रा आणि भिंत यांच्यामधल्या चार बोटांच्या फटीतून जेवढी ऊब निघून जाते, तेवढी कोणताही लहान हीटर भरून काढू शकत नाही. गोणपाट किंवा जुनी गोधडी खोचली तरी चालते. फक्त एका बाजूला हवेसाठी थोडी जागा ठेवावी.

थंडीने आजारी माणसाला काय होते?

थंडीत त्वचेच्या रक्तवाहिन्या आकसतात, रक्तदाब वाढतो आणि हृदयावर ताण येतो. सकाळी उबदार अंथरुणातून उठून थेट बाहेरच्या संडासला जाणे आणि गार मोरीत अंघोळ करणे हा हृदयरोग्यासाठी दिवसातला सर्वांत नाजूक तास असतो. दमा आणि जुन्या खोकल्याच्या रुग्णांची श्वासनलिका गार हवेने आवळते. म्हाताऱ्या माणसाचे शरीर नीट कुडकुडतही नाही, त्यामुळे त्याला थंडी वाजते आहे हे घरच्यांना कळत नाही. ऊसतोडीच्या हंगामात करती माणसे बाहेरगावी गेलेली असतात, घरी आजी-आजोबा आणि नातवंडे उरतात. अशा घरात ही गोष्ट कोणाच्या लक्षातही येत नाही.

मग हीटरचा खर्च नको म्हणून शेगडी आत घेतली जाते. बाळंतिणीच्या बाजेखाली तर ती वर्षानुवर्षे ठेवली जाते. इथे मी स्पष्टच सांगतो: दार लावून कोळशाची, गोवऱ्यांची किंवा लाकडाची शेगडी ठेवून झोपू नका. निखारे धूर देत नसले तरी कार्बन मोनॉक्साइड देतात. या वायूला रंग नाही, वास नाही, डोळेही चुरचुरत नाहीत. डोके दुखते, मळमळते, गरगरते आणि माणूस झोपेतच बेशुद्ध होतो. एका खोलीत झोपलेल्या दोघा-तिघांना सकाळी एकदम डोकेदुखी आणि उलटी होत असेल तर पित्त समजू नका. सगळ्यांना आधी मोकळ्या हवेत आणा आणि दवाखाना गाठा.

विजेच्या हीटरमधून हा वायू निघत नाही. "हीटर खोलीतला ऑक्सिजन खातो" असे बरेच जण म्हणतात, तेही खरे नाही. त्यात काहीच जळत नसते. हवा कोरडी वाटते हे मात्र खरे. १० अंशांची हवा २० अंशांपर्यंत तापवली की तिची सापेक्ष आर्द्रता जवळजवळ निम्म्यावर येते. नाक कोरडे पडते, अंगाला खाज सुटते. त्यासाठी खोबरेल तेल लावावे आणि पाणी पीत राहावे. हीटरपुढे पाण्याची वाटी ठेवल्याने फारसा फरक पडत नाही आणि पाणी सांडण्याची भीती उगाच वाढते.

बिलाचा हिशेब

"कमी वीज खाऊन जास्त गरम करणारा" अशी जाहिरात केलेला साधा हीटर दिसला तर त्यावर विश्वास ठेवू नका. तारेचा, रॉडचा, हॅलोजनचा, ब्लोअर किंवा तेलाचा, यांतला प्रत्येक हीटर घेतलेली जवळजवळ सगळी वीज उष्णतेत बदलतो. एका युनिटमधून एका युनिटचीच उष्णता मिळते, मग हीटर हजाराचा असो की दहा हजारांचा. हॉट अँड कोल्ड एसी यापेक्षा कार्यक्षम असतो, तो बाहेरच्या हवेतली उष्णता आत आणतो. पण तो उचलून दुसऱ्या खोलीत नेता येत नाही आणि त्याची किंमतही बहुतेकांना परवडणारी नाही.

म्हणजे बिल दोनच गोष्टींवर ठरते, वॅट आणि तास. १,००० वॅटचा हीटर एक तास चालला की एक युनिट. हिशेब सोपा जावा म्हणून युनिटला १० रुपये धरू.

४०० वॅटची एक कांडी रोज ४ तास लावली तर १.६ युनिट, म्हणजे रोजचे १६ रुपये आणि महिन्याचे ४८० रुपये. तोच ८०० वॅटवर लावला तर दुप्पट. २,००० वॅटचा ब्लोअर रात्रभर, ८ तास न थांबता चालला तर १६ युनिट, रोजचे १६० आणि महिन्याचे ४,८०० रुपये. बिल पाहून धक्का बसलेली घरे या शेवटच्या प्रकारातली असतात.

आणखी एक बारकावा. महावितरणच्या घरगुती बिलात पहिल्या १०० युनिटांचा दर कमी असतो आणि १०१ ते ३०० युनिटांचा दर त्याच्या दुपटीच्या आसपास जातो. ज्या घराचा वापर महिना ८०-९० युनिट आहे, तिथे हीटरचे बहुतेक युनिट वरच्या दरात पडतात. दर बदलत राहतात, तेव्हा आपल्या ताज्या बिलावरचे दर बघून वरचा हिशेब करून बघा. त्याच बिलावर "मंजूर भार" लिहिलेला असतो. तो १ किलोवॅट असेल तर २,००० वॅटचा हीटर घेण्याआधी वायरमनला विचारा.

रब्बीच्या पाण्याच्या पाळ्या सुरू असताना गावात व्होल्टेज पडते, तेव्हा हीटर "नुसता कोमट" होतो. २३० व्होल्टचे १८० झाले की हीटरची उष्णता ६० टक्क्यांवर येते. हीटर बिघडलेला नसतो, आणि त्या वेळी तो वीजही कमी घेत असतो. यावर उपाय म्हणून मोठा हीटर आणू नका. व्होल्टेज परत आले की तो पूर्ण भार ओढतो.

कोणता हीटर कुठे उपयोगी

हीटर ऊब दोन प्रकारे देतो. काही हीटर समोरच्या माणसाला थेट तापवतात, उन्हात बसल्यासारखे. काही खोलीतली हवा तापवतात. पत्र्याच्या, फटी असलेल्या खोलीत हवा तापवणे म्हणजे गळक्या घागरीत पाणी भरणे. तिथे माणसाला थेट तापवणारा हीटरच कमी खर्चात काम करतो.

क्वार्ट्झ म्हणजे रॉडचा हीटर आणि हॅलोजन हीटर हे थेट तापवणारे. रॉडचे लहान हीटर बहुतेक ४०० आणि ८०० वॅटचे असतात, हॅलोजन ४००, ८००, १,२०० अशा टप्प्यांचे. साधारण हजार ते अडीच हजारांत मिळतात, लावल्याबरोबर ऊब देतात, आवाज करत नाहीत. संध्याकाळी टीव्हीपुढे बसलेले आजोबा, सकाळी अंघोळीनंतर कपडे घालणे, पहाटे उठून अभ्यास करणारा मुलगा अशा कामांसाठी मी हाच सुचवतो. बंद केला की ऊब लगेच संपते आणि हॅलोजनच्या उजेडात झोप लागत नाही, म्हणून रात्रभरासाठी तो नाही. तसा तो रात्रभर ठेवूही नये.

ब्लोअर १,००० आणि २,००० वॅटचा असतो, किंमत साधारण तेवढीच. दारे-खिडक्या नीट लागणारी दहा बाय दहाची खोली पंधरा-वीस मिनिटांत गरम करतो. पण तो धूळ उडवतो, आवाज करतो आणि सतत वीज घेतो. दम्याच्या रुग्णाच्या तोंडावर त्याचा झोत सोडू नये. हंगामाच्या सुरुवातीला कोणताही हीटर पुसून, दार उघडे ठेवून, रुग्ण खोलीत नसताना अर्धा तास चालवावा. वर्षभराची धूळ जळते आणि तिच्या वासाने खोकला सुटतो.

तेलाचा हीटर, म्हणजे पंख्यांसारख्या उभ्या पात्यांचा ऑइल रेडिएटर. किंमत साधारण सहा ते बारा हजार, वजनदार, तापायला अर्धा तास घेणारा. यातले तेल जळत नाही, संपत नाही, ते फक्त ऊब धरून ठेवते. याच्या थर्मोस्टॅटमुळे खोली ठरलेल्या तापमानाला आली की तो आपोआप थांबतो आणि गार झाली की सुरू होतो. स्लॅबच्या, बंद होणाऱ्या खोलीत तो निम्माच वेळ वीज घेत असेल, तर रात्रीचे १६ ऐवजी ८ युनिट लागतात. पत्र्याच्या खोलीत तो थांबतच नाही, मग तो महागही पडतो आणि निरुपयोगीही ठरतो. याचा दुसरा फायदा म्हणजे त्याची तार लालबुंद उघडी नसते. त्यामुळे अंथरुणाला खिळलेल्या रुग्णाच्या खोलीत रात्री काही लावायचेच असेल, तर पर्याय म्हणून हाच उरतो. पाती मात्र चटका देण्याइतकी तापतात. त्यावर ओला टॉवेल वाळत घालू नये.

उघड्या तारेचा, स्प्रिंगचा, स्थानिक बनावटीचा स्वस्त हीटर घेऊ नका. मुलाचे बोट किंवा पदराचे टोक तारेला लागायला क्षण पुरतो. कोणताही हीटर घेताना आयएसआय चिन्ह आणि त्याखालचा सीएम/एल ने सुरू होणारा परवाना क्रमांक पाहा. हा क्रमांक बीआयएस केअर या मोबाइल ॲपवर टाकून खरा की खोटा ते दुकानातच बघता येते. कलंडल्यावर आपोआप बंद होण्याची सोय असलेला हीटर शंभर-दोनशे रुपये महाग असला तरी तोच घ्या. कोंबड्या, शेळ्या आणि नातवंडे ज्या घरात मोकळी फिरतात तिथे हीटर कलंडणारच.

आणि सर्वांत कमी खर्चाचा पर्याय हीटर नव्हेच. एका युनिटमध्ये पंचवीसेक लिटर पाणी २० वरून ५० अंशांवर येते, म्हणजे गरम पाण्याच्या दहा-बारा पिशव्या भरतात. झोपण्याआधी पंधरा मिनिटे पिशवी अंथरुणात ठेवून, माणूस झोपताना ती काढून घेतली तर गादी छान उबदार होते. ६० ते १०० वॅटची विजेची चादर अर्धा तास लावली तर खर्च पन्नास पैशांच्या आसपास. तीही झोपण्याआधी बंद करायची. लघवीवर ताबा नसलेल्या रुग्णाला आणि बाळाला विजेची चादर मुळीच वापरू नये.

ज्यांना चटका कळत नाही

या लेखातला हा भाग घरात मोठ्याने वाचून दाखवावा अशी माझी विनंती आहे.

काही वर्षांपूर्वी एक आजोबा दोन्ही पायांवर मोठे फोड घेऊन आले. मुलाने हौसेने रॉडचा हीटर आणून बाजेच्या पायथ्याशी ठेवला होता. "मला काही समजलंच नाही, सकाळी चादर ओली दिसली," असे ते म्हणाले. चादर ओली झाली होती ती फोडातल्या पाण्याने. पंधरा वर्षांचा मधुमेह, पायांना मुंग्या आणि बधिरपणा, आणि त्यामुळे पाय अधिकच गार वाटायचे. जखम भरायला चार महिने लागले आणि एक बोट काढावे लागले. हीटर चांगल्या कंपनीचा होता. चूक त्याच्या जागेची होती.

मधुमेहात पायांच्या नसा हळूहळू निकामी होतात. पाय "गार पडलेत" असे वाटते, हात लावून पाहिले तर ते गरमच असतात. मग माणूस पाय हीटरजवळ नेतो. चटक्याची सूचना मेंदूपर्यंत पोहोचत नाही. त्वचा भाजायला फार उष्णता लागते असेही नाही: सुमारे ४४ अंशांची वस्तू, म्हणजे हाताला नुसती कोमट-गरम लागणारी, तासन्‌तास त्वचेला चिकटून राहिली तरी भाजते. म्हणून अंथरुणातली गरम पाण्याची पिशवी, विजेचा पॅड आणि जवळचा रॉड हे तिन्ही या रुग्णांसाठी वर्ज्य.

हीच गोष्ट पॅरालिसिसने बधिर झालेल्या बाजूची, मणक्याच्या दुखापतीची, कुष्ठरोगात संवेदना गेलेल्या हातापायांची, पायांच्या रक्तवाहिन्या अरुंद झालेल्या विडी-तंबाखू ओढणाऱ्यांची. झोपेची गोळी घेतलेला किंवा दारू प्यालेला माणूसही चटका लागल्यावर पाय मागे घेत नाही. विसरभोळेपणा वाढलेल्या आजीला हीटरजवळ एकटीला ठेवू नका. बाम चोळून त्यावर शेक घेऊ नका. अंगावर चिकटवलेल्या वेदनाशामक औषधी पट्टीवर उष्णता पडली तर औषध अंगात जास्त वेगाने शिरते, तेव्हा तेही टाळा.

घरच्या घरी तपासायचे असेल तर रुग्णाला डोळे मिटायला सांगा आणि पायाच्या अंगठ्याला, मग करंगळीला, मग मधल्या बोटाला, बोटाच्या टोकाने हलकेच एक-दोन सेकंद स्पर्श करा. दोन्ही पायांच्या मिळून सहा बोटांपैकी दोन किंवा जास्त ठिकाणी स्पर्श कळला नाही तर पायांची संवेदना कमी झाली आहे असे धरून चाला आणि डॉक्टरांना दाखवा. अशा रुग्णासाठी सैल लोकरीचे मोजे, आधी उबदार केलेले अंथरूण (पिशवी काढून घेतलेले), आणि लागलाच तर पायांपासून किमान सहा फूट लांब तेलाचा हीटर. रोज सकाळी तळपाय बघण्याची सवय तर बारा महिने हवी.

मधुमेह नसलेल्यांसाठीही एक सूचना. रोज तासन्‌तास हीटरला पाय लावून बसणाऱ्यांच्या नडगीवर तपकिरी-लालसर जाळीसारखे डाग येतात. दुखत नाहीत म्हणून दुर्लक्ष होते. ते उष्णतेने होतात. हीटर लांब केला की बहुतेकदा फिके पडतात. वर्षानुवर्षे तसेच चालू राहिले आणि तिथे गाठ किंवा न भरणारी जखम झाली तर त्वचारोगतज्ज्ञांना दाखवायला हवे.

बाळ आणि बाळंतीण

अडीच किलोपेक्षा कमी वजनाच्या बाळाला थंडी फार लवकर बाधते. त्याच्यासाठी सर्वांत चांगला, फुकटातला हीटर म्हणजे आईची छाती. बाळाला फक्त लंगोट, टोपी आणि मोजे घालून आईच्या उघड्या छातीवर उभे ठेवायचे आणि वरून दोघांना मिळून पांघरायचे, यालाच कांगारू मातृसेवा म्हणतात. आई थकली की आजी किंवा बापही हे करू शकतो. बाप आधी लाजतात, मग बाळ सोडत नाहीत. पहिली अंघोळ किमान २४ तास लांबवावी.

खोली गार असेल तर हीटर लावायला हरकत नाही, पण बाळापासून किमान सहा फूट लांब आणि त्याच्याकडे तोंड न करता. बाळाच्या काखेतले तापमान ३६.५ ते ३७.५ अंश सेल्सिअस असावे. हात-पाय गार आणि पोट गरम असेल तर बाळाला थंडी वाजते आहे. पोटही गार लागले, दूध ओढणे कमी झाले, रडणे क्षीण झाले तर वाट न बघता दवाखान्यात आणा, आणि येतानाही छातीला धरूनच आणा. उलट बाजूही लक्षात असू द्या: शेगडी, हीटर, चार कपडे आणि दोन गोधड्यांत गुंडाळलेले बाळ तापते, लाल होते, सुस्तावते.

वायरिंग, कापूस आणि गेलेली लाईट

२,००० वॅटचा हीटर जवळजवळ ९ अँपिअर ओढतो. घरातले साधे लहान सॉकेट ६ अँपिअरचे असते. त्यात हा हीटर लावला की आधी पिन तापते, मग बोर्ड काळा पडतो, मग आग. मोठ्या हीटरला जाड पिनचे, १६ अँपिअरचे पॉवर सॉकेटच हवे. एक्स्टेंशन बोर्ड नको, एकाच बोर्डवर शेजारी पाण्याची मोटार किंवा पाणी तापवायची कॉइल नको. अर्थिंग आहे का हे वायरमनकडून तपासून घ्या. आपल्या काळ्या जमिनीत अर्थिंगचा खड्डा कोरडा पडतो, त्यात अधूनमधून बादलीभर पाणी ओतावे. घरात ३० मिलिअँपिअरचा आरसीसीबी बसवला तर शॉक जीवघेणा होण्याआधी वीज तुटते. मोरीत हीटर कधीही नको. तो खोलीत लावा आणि कपडे तिथे येऊन घाला.

चारही बाजूंनी तीन फूट मोकळी जागा हवी: अंथरूण, मच्छरदाणी, पडदा, दोरीवरचे कपडे, काहीही जवळ नको. आपल्या तालुक्यात याच महिन्यांत भाव येईल म्हणून घरात कापूस साठवलेला असतो, कधी आजी-आजोबांच्याच खोलीत. ज्या खोलीत कापूस, कडबा किंवा बारदान आहे तिथे कोणताच हीटर लावू नका, तेलाचाही नाही. माणसाची बाज दुसऱ्या खोलीत हलवा. घरी ऑक्सिजनची मशीन किंवा सिलिंडर असलेल्या रुग्णापासून हीटर किमान दहा फूट लांब हवा.

लाईट गेली की हीटरचे बटण लगेच बंद करा. रात्री लाईट जाते, सगळे झोपतात, हीटरवर कोणीतरी चादर टाकते आणि पहाटे लाईट येते. हा प्रकार कल्पनेतला नाही.

रात्रभर हीटर लावण्याची गरज क्वचितच असते. सर्वांत गार वेळ सूर्योदयाच्या आधीची. झोपण्याआधी एक तास आणि पहाटे रुग्ण उठण्याच्या आधी अर्धा तास, पुढे तो कपडे घालून बसेपर्यंत, असे दोन-अडीच तास बहुतेक घरांना पुरतात. पहाटे उठणाऱ्या कोणीतरी तो लावावा. आपोआप सुरू करणारा टायमर रॉडच्या किंवा हॅलोजन हीटरला जोडू नये, कारण सुरू होताना त्याच्यापुढे काय पडले आहे हे बघायला कोणी नसते.

लगेच दवाखान्यात कधी यावे

म्हातारे माणूस सकाळी गुंगीत आहे, बोलणे अडखळते आहे, पोट-पाठ हाताला गार लागते, थर्मामीटरवर ३५ अंशांपेक्षा कमी किंवा "लो" असे येते, तर हा थंडीने शरीर गार पडण्याचा आजार आहे. ओले कपडे काढा, कोरड्या गोधडीत गुंडाळा, डोके झाका, शुद्धीवर असेल तर गोड कोमट चहा द्या. हातपाय चोळू नका, हीटरजवळ ओढू नका, दारू पाजू नका. १०८ वर फोन करून रुग्णवाहिका बोलवा. बोलणे अडखळण्यासोबत तोंड वाकडे झाले असेल किंवा एका बाजूचा हात-पाय उचलत नसेल तर तो पॅरालिसिसचा झटका असतो, तिथे तर मिनिटही घालवू नका. पहाटे छातीत दाब, घाम, दम लागला तरीही १०८.

भाजले असेल तर भाजलेल्या भागावर २० मिनिटे नळाचे साधे वाहते पाणी सोडा. बर्फ, हळद, टूथपेस्ट, शाई, तूप काहीही लावू नका. अंगठी, जोडवी, पैंजण सूज येण्याआधी काढा. फोड फोडू नका, स्वच्छ सुती कापडाने सैल झाका. मधुमेही माणसाचा पाय भाजला असेल तर जखम रुपयाएवढी असली आणि दुखत नसली तरी त्याच दिवशी दाखवा. चेहरा, हात, पाय, जननेंद्रिये भाजली असतील, भाजलेली त्वचा पांढरी किंवा काळी पडली असेल, किंवा विजेचा धक्का बसला असेल तर ग्रामीण रुग्णालयात प्राथमिक उपचार घेऊन जालन्याचे जिल्हा रुग्णालय किंवा छत्रपती संभाजीनगरची घाटी गाठावी लागते. विजेच्या धक्क्यात आधी मेन स्विच बंद करा, मगच माणसाला हात लावा. बाहेरून खूण लहान दिसली तरी हृदयाची पट्टी काढून घेणे गरजेचे असते.